पिसू आणि मानेवरील औषधाचा थेंब : एक परिसर-पाठ

इयत्ता : ५ वी ते ७ वी
विषय : सामान्य विज्ञान व आरोग्य
कालावधी : दोन तासिका व एक आठवड्याचे निरीक्षण

पाठाचा हेतू

खेड्यात ज्या घरी धान्य साठविलेले असते त्या घरी मांजर असते, आणि ज्या घरी गुरे असतात त्या घरी कुत्रे असते. पावसाळा सरत आला की ही जनावरे अंग खाजवू लागतात आणि मुलांच्या घोट्यांवर तांबडे पुरळ दिसू लागते. पूर्वी अशा जनावराच्या अंगावर राख चोळीत किंवा कडुनिंबाच्या पाल्याचे पाणी घालीत. आता लहानशा नळीत भरलेले पातळ औषध मिळते. मानेवर त्याचे थोडे थेंब सोडले की महिनाभर पिसवांचा उपद्रव थांबतो, ही वार्ता शहरातील नातेवाइकांकडून गावोगाव पोहोचली आहे. मात्र हे औषध कसे काम करते याची माहिती सोबत पोहोचलेली नाही. त्यामुळे कुत्र्याचे औषध मांजराला लावले जाते, किंवा पिकावर फवारण्याचे औषध जनावराच्या अंगावर ओतले जाते आणि ते त्याच्या जिवावर बेतते. असे करणाऱ्याच्या मनात बहुधा जनावराविषयी मायाच असते. तिला ज्ञानाची जोड मिळावी, हा या पाठाचा हेतू होय.

प्रस्तावना

ज्ञाताकडून अज्ञाताकडे जावे, या नियमाला हा विषय सोयीचा आहे. उवा मुलांच्या परिचयाच्या असतात. फळ्यावर ‘ऊ’ व ‘पिसू’ असे दोन रकाने करावेत व प्रश्नोत्तरांनी ते भरत जावे. डोक्यातील ऊ आपले सारे आयुष्य डोक्यावर काढते. तिची अंडी, म्हणजे लिखा, केसांना घट्ट चिकटलेली असतात. तिला उडी मारता येत नाही. पिसूलाही पंख नाहीत, परंतु तिचे मागचे पाय लांब व बळकट असून त्यांच्या जोरावर ती दूर उडी घेते. तिचे शरीर दोन्ही बाजूंनी चपटे असते, म्हणून ती केसांतून झपाट्याने सरकते. तिची अंडी गुळगुळीत असतात. ती केसांना चिकटत नाहीत. जनावर जेथे निजते किंवा अंग झाडते तेथे गळून पडतात. हा शेवटचा भेद मुलांच्या मनावर नीट ठसवावा, कारण पुढील सर्व विवेचन त्यावर अवलंबून आहे.

विषय-विवेचन

*१. पिसूचे जीवनचक्र*

कुत्रा व मांजर या दोहोंवर बहुधा एकाच जातीची पिसू आढळते. तिला मांजर-पिसू म्हणतात. तिचे शास्त्रीय नाव क्टेनोसेफॅलायडिस फेलिस असे आहे. रक्त मिळू लागल्यावर मादी दिवसाला ४० ते ५० पर्यंत अंडी घालू शकते. अंड्यातून बाहेर पडणारी अळी पांढुरकी असते. ती उजेडापासून दूर जाते आणि जमिनीच्या भेगा, गोणपाटाची घडी, गोधडीची शिवण अशा जागी दडते. प्रौढ पिसवांच्या विष्ठेत न पचलेले रक्त असते; ते वाळून कणांच्या रूपाने खाली पडते व त्यावर अळी वाढते. पुढे ती रेशमासारख्या धाग्याचा कोश विणते. कोश चिकट असल्यामुळे त्यावर धूळ बसते आणि तो जमिनीच्या रंगाशी एकरूप होतो.

हवा उबदार व दमट असेल तर हे चक्र तीन-चार आठवड्यांत पुरे होते. कोशातील पिसू मात्र महिनोन् महिने वाट पाहत राहू शकते. ऊब, पावलांचा हादरा व श्वासातून निघणारा कर्बद्विप्राणिद वायू यांची चाहूल लागताच ती बाहेर पडते. दिवाळीच्या सुट्टीत बंद राहिलेल्या घराचे दार उघडताच पायांवर पिसवा का चढतात, या प्रश्नाचे उत्तर मुलांकडूनच काढून घ्यावे.

घरातील पिसवांच्या सर्व अवस्था मिळून शंभर धरल्या, तर जनावराच्या अंगावरील प्रौढ पिसवा सुमारे पाचच भरतात. बाकीच्या पंच्याण्णव अंडी, अळ्या व कोश यांच्या रूपाने भोवतालच्या जमिनीत व अंथरुणात असतात, असा सर्वसाधारण अंदाज आहे.

*२. थेंबाचा प्रवास*

या औषधांपैकी फार वापरात असलेले एक द्रव्य फिप्रोनिल हे होय. १९९०च्या दशकात त्याचा वापर सुरू झाला. ते पाण्यात फारसे विरघळत नाही, तेलात विरघळते. त्याच्या या गुणावरच सारी योजना उभी आहे. जनावराच्या त्वचेत, केसांच्या मुळांशी, सूक्ष्म तैलग्रंथी असतात. त्यांतून पाझरणारा स्निग्ध पदार्थ त्वचेवर व केसांवर पातळ थर धरतो. केस बाजूला सारून मानेच्या मागे त्वचेवर औषध सोडले, की ते या थरात मिसळते आणि थराबरोबर सुमारे एक-दोन दिवसांत सर्वांगावर पसरते. त्याचा काही भाग तैलग्रंथींत साठून राहतो व तेथून थोडाथोडा बाहेर येत राहतो. एका थेंबाचा परिणाम सुमारे महिनाभर टिकतो, तो यामुळे. फिप्रोनिलचा फारच थोडा अंश त्वचेतून रक्तात जातो. पिसू मरते ती औषध लागलेल्या केसांशी व त्वचेशी तिच्या शरीराचा स्पर्श झाल्यामुळे.

मानेच्या मागची जागा निवडण्याचे कारणही मुलांना विचारावे. जनावराची जीभ तेथे पोहोचत नाही. औषध देण्यापूर्वी व दिल्यानंतर दोन दिवस जनावराला आंघोळ का घालू नये, हेही आता त्यांना सांगता येईल. साबणाने स्निग्ध थर धुऊन जातो, आणि थर नसेल तर औषधाला पसरण्यास वाट राहत नाही.

सर्वच औषधे याच मार्गाने जातात असे नाही. सेलामेक्टिन हे द्रव्य त्वचेतून रक्तात शिरते व रक्तावाटे पुन्हा तैलग्रंथींत येते. काही औषधांत मेथोप्रीनसारखे दुसरे द्रव्य मिसळलेले असते. ते कीटकाच्या वाढीवर ताबा ठेवणाऱ्या नैसर्गिक रसासारखे वागते, त्यामुळे अंड्यांची व अळ्यांची वाढ खुंटते.

*३. पिसू मरते, कुत्रा का मरत नाही ?*

प्रत्येक प्राण्याच्या मज्जासंस्थेत उत्तेजन देणारे संदेश असतात, तसेच शांत करणारेही असतात. बैलगाडीचा दृष्टान्त येथे उपयोगी पडेल. बैलांना हाकणारा आसूड आहे, तसा आवरणारा कासराही आहे. शांत करणारा संदेश मज्जापेशीवरील एका सूक्ष्म दारातून काम करतो. त्या दारातून क्लोराइडचे कण आत जातात व पेशी निवते. फिप्रोनिल कीटकाच्या शरीरातील हे दार बंद करते. कासरा तुटलेल्या बैलांप्रमाणे पिसूच्या मज्जापेशी अनावर होतात. तिला झटके येतात, ती लुळी पडते व मरते.

कुत्र्याच्या शरीरातही असे दार असते, परंतु त्याची घडण थोडी निराळी असल्यामुळे हे द्रव्य तेथे फार दुबळेपणाने चिकटते. शिवाय त्वचेतून ते आत फारसे जातही नाही. कुत्र्याचे रक्षण या दोन गोष्टींनी होते. मात्र हे रक्षण ठरावीक मात्रेपुरतेच आहे, हे शिक्षकांनी स्पष्ट करावे. मात्रा वाढली, किंवा जनावराने औषध चाटून गिळले, तर अपाय होतो.

*४. औषध दिल्यावरही पिसवा का दिसतात ?*

औषध दिले, आठवडा लोटला, तरी पिसवा दिसतातच. तेव्हा ‘औषध खोटे’ असे म्हणून लोक ते सोडून देतात किंवा दुप्पट देतात. दोन्ही चुकीचे आहे. जमिनीतील कोशांवर या थेंबाचा परिणाम होत नाही. त्यांतून नव्या पिसवा अनेक आठवडे बाहेर येत राहतात, जनावरावर चढतात व मग मरतात. म्हणून घरातील सर्व कुत्र्यामांजरांना ठरलेल्या अंतराने सलग दोन-तीन महिने औषध द्यावे लागते. त्याबरोबर जनावराचे अंथरूण गरम पाण्यात धुऊन कडक उन्हात वाळवणे, कोपरे रोज झाडणे, भेगा लिंपणे व घर सारवणे हीही कामे व्हावी लागतात. जनावरावर औषध आणि जमीन मात्र तशीच, हा प्रकार ‘आग सोमेश्वरी, बंब रामेश्वरी’ असाच ठरतो.

प्रयोग व निरीक्षण

(अ) बारीक दातांची फणी घरच्या शांत जनावराच्या पाठीवरून, शेपटीच्या मुळाजवळ फिरवावी. निघालेले काळे कण ओल्या पांढऱ्या कापसावर ठेवावेत. भोवती तांबूस वलय उमटले, तर ते कण पिसूची विष्ठा, म्हणजे वाळलेले रक्त होय. वलय न उमटल्यास ती साधी धूळ समजावी. हे काम मुलांनी वडीलधाऱ्यांच्या देखत, घरच्याच जनावरावर करावे व नंतर हात साबणाने धुवावेत. रस्त्यावरील कुत्रे शाळेत आणू नये व मुलांना त्याला हात लावू देऊ नये.

(आ) जाड कागदाच्या एका तुकड्यावर पाण्याचा व दुसऱ्यावर गोड्या तेलाचा एकेक थेंब सोडावा. दर अर्ध्या तासाने डागाभोवती पेन्सिलीने रेघ ओढावी. पाणी वाळून नाहीसे होते; तेलाचा डाग रुंदावत जातो व दुसऱ्या दिवशीही राहतो. कागद व त्वचा या एक वस्तू नव्हेत, हा केवळ दृष्टान्त आहे, हे सांगण्यास विसरू नये.

दक्षता

पुढील गोष्टी फळ्यावर मोठ्या अक्षरांत लिहून मुलांच्या वह्यांत उतरवून घ्याव्यात.

१. कुत्र्याचे औषध मांजराला कधीही लावू नये. कुत्र्यांच्या काही औषधांत पर्मेथ्रिन असते. हे द्रव्य निरुपद्रवी करणारी यकृताची शक्ती मांजरात फार अल्प असते. त्याला कंप सुटतो, झटके येतात व मृत्यूही ओढवतो. असे झाल्यास औषध कोमट पाण्याने व सौम्य साबणाने धुऊन काढावे आणि मांजराला वेष्टनासह तत्काळ पशुवैद्यकाकडे न्यावे.

२. फिप्रोनिल सशाला लावू नये. ते त्याला घातक ठरते.

३. शेतातील औषधाच्या डब्यावर फिप्रोनिल किंवा इमिडाक्लोप्रिड हे तेच नाव दिसले, तरी ते जनावराला लावू नये. त्याची तीव्रता व त्यात मिसळलेली द्रव्ये पिकासाठी योजलेली असतात, त्वचेसाठी नव्हे. रॉकेलही लावू नये.

४. औषध वजनाप्रमाणे द्यावे. अगदी लहान पिले, गाभण किंवा आजारी जनावरे यांच्याबाबत आधी पशुवैद्यकाला विचारावे.

५. औषध वाळेपर्यंत मुलांनी त्या जनावराला कुरवाळू नये व जवळ घेऊन निजू नये. कुत्र्याला दोन दिवस ओढ्यात किंवा तळ्यात उतरू देऊ नये, कारण ही द्रव्ये पाण्यातील कीटकांनाही मारतात. इंग्लंडमधील नद्यांच्या पाण्यात फिप्रोनिल व इमिडाक्लोप्रिड आढळल्याचे २०२०मध्ये प्रसिद्ध झाले आहे.

६. जे औषध ज्या प्राण्यासाठी आहे ते त्यालाच द्यावे. २०१७मध्ये युरोपात कोंबड्यांच्या खुराड्यांत फिप्रोनिल वापरले गेल्याचे उघडकीस आले, तेव्हा लक्षावधी अंडी बाजारातून काढून घ्यावी लागली.

आरोग्याशी संबंध

पिसू चावल्याने खाज सुटते. शिवाय कुत्र्यामांजरांच्या एका पट्टकृमीची बीजेही तिच्या शरीरात असतात. खेळताना लहान मुलाने अशी पिसू नकळत गिळली, तर तो कृमी मुलाच्या आतड्यात वाढू शकतो. वरच्या वर्गांत या ठिकाणी इतिहासाचा सांधा जोडता येईल. १८९६मध्ये मुंबईत प्लेगची साथ आली. हा रोग उंदरांवरील पिसवांमार्फत पसरतो, हे पॉल-लुई सिमाँ या फ्रेंच वैद्याने १८९८मध्ये कराचीत प्रयोगाने दाखविले. त्या साथीतील प्रमुख पिसू उंदराची होती, आपल्या मांजराच्या अंगावरील नव्हे, हा भेद सांगावा; नाही तर मुले घरच्या मांजराला भिऊ लागतील.

आणखी एक गोष्ट शिक्षकांनी ध्यानी ठेवावी. पायांवर पुरळ असलेल्या मुलाला सर्वांदेखत उभे करू नये व त्याच्या घराची अस्वच्छता हा चर्चेचा विषय करू नये. पिसवा झाडलोट होणाऱ्या घरीही होतात. अशा मुलाच्या पालकांना एकान्तात सांगावे. पुरळ चिघळले असल्यास मुलाला आरोग्य केंद्रात पाठवावे.

संकलन व स्वाध्याय

१. ऊ व पिसू यांच्या अंड्यांत कोणता भेद आहे ? त्यामुळे उपायांत कोणता फरक पडतो ?

२. मानेवर टाकलेले औषध शेपटीवरील पिसूला कसे मारते ?

३. औषध दिल्यानंतर दहा दिवसांनी शेजाऱ्याच्या कुत्र्यावर दोन पिसवा दिसल्या. त्याला काय सांगाल ?

४. घरी पाळीव जनावर असल्यास त्याच्या निजण्याच्या जागेचे आठवडाभर निरीक्षण करून तक्ता भरा : जागा, ऊन येते की नाही, अंथरूण केव्हा धुतले, फणीची परीक्षा. जनावर नसल्यास शेजाऱ्यांच्या संमतीने त्यांच्याकडील तक्ता भरा.

भरलेले तक्ते पुढील महिन्याच्या केंद्र-संमेलनात आणावेत. गावातील किती घरी औषधाचे वेष्टन वाचून मगच औषध देतात, याचीही नोंद तक्त्याच्या शेवटी करावी.