अधिक मास : वर्षात तेरावा महिना कशाला?

आपलं बाळकुम खाडीकाठचं. आगरी-कोळी घरांत नारळी पौर्णिमा म्हणजे मोठा सण. मग हे कोडं सोडवा. २०२२ साली ती ११ ऑगस्टला आली आणि २०२३ साली थेट ३० ऑगस्टला. असं का?

चंद्राचे बारा महिने साधारण ३५४ दिवसांत संपतात, सूर्याचं वर्ष ३६५ दिवसांचं. दरवर्षी ११ दिवसांचा फरक. तो तसाच सोडला तर नऊ वर्षांत ९९ दिवस! नारळी पौर्णिमा मे महिन्यात येईल. दर्याला नारळ द्यायचा तो पावसाचा जोर ओसरताना, होड्या पुन्हा बाहेर काढताना. मे महिन्यात देऊन काय उपयोग? म्हणून साधारण ३२-३३ महिन्यांनी एक महिना जास्तीचा धरतात. (हिजरी कालगणनेत असा महिना नाही, म्हणून रमजान कधी थंडीत, कधी उन्हाळ्यात येतो.)

ज्या चांद्र महिन्यात सूर्य रास बदलत नाही, तो अधिक. २०२३ मध्ये १८ जुलै ते १६ ऑगस्ट अधिक श्रावण होता. १ ऑगस्टलाही पौर्णिमा होती, पण नारळी पौर्णिमा धरली ती पुढच्या, म्हणजे निज श्रावणातली.

घरी याला धोंड्याचा महिना म्हणतात. जावयाला अनारसे मिळतात, मुलांचं लक्ष तिथेच! ‘दुष्काळात तेरावा महिना’ ही म्हणही यावरूनच. कणगी रिकामी, आणि वर्ष मात्र लांबलेलं.

आता २०२६ चं कॅलेंडर काढा. १७ मे ते १५ जून अधिक ज्येष्ठ दिसेल. त्या वर्षीची नारळी पौर्णिमा २०२५ पेक्षा किती दिवस पुढे गेली, ते मोजून वहीत लिहा.