फ्रीज घरघरतो तेव्हा : आवाज ऐकून कारण शोधण्याचा एक पाठ



घरातलं एखादं यंत्र आवाज करू लागलं की आपण एक तर तिकडे दुर्लक्ष करतो, नाहीतर लगेच मेकॅनिकला फोन लावतो. नीट ऐकण्याची मधली पायरी राहूनच जाते. आजचा पाठ त्या पायरीवर आहे.

मागच्या महिन्यात आमचा एका दाराचा फ्रीज रात्री घरघरू लागला. बंद होताना तर अख्खा हादरायचा. मेकॅनिक फोनवरच म्हणाला, "कॉम्प्रेसर गेला असेल, बदलावा लागेल." खर्चाची चिंता होतीच, पण त्याहून मोठी चिंता सासूबाईंच्या इन्सुलिनची होती. न उघडलेलं इन्सुलिन 2 ते 8 अंश सेल्सिअसमध्ये ठेवावं लागतं. फ्रीज बंद पडला तर ते कुठे ठेवायचं?

आधी प्रश्न वेगळे करा

"आवाज येतो" आणि "थंड होत नाही" हे दोन वेगळे प्रश्न आहेत. आम्ही मधल्या कप्प्यात पेलाभर पाणी ठेवलं आणि त्यात शाळेच्या विज्ञानपेटीतला थर्मामीटर रात्रभर ठेवला. (तापाचा थर्मामीटर इथे चालत नाही, तो इतकं कमी तापमान मोजत नाही.) सकाळी 5 अंश दिसले. म्हणजे थंडपणा ठीक होता, इन्सुलिन सुरक्षित होतं. आता आवाजाकडे शांतपणे बघता आलं.

आवाजांची ओळख

मुलांना डोळे मिटून ऐकायला सांगा आणि आवाजाला नाव द्यायला लावा.

- गुणगुण : कॉम्प्रेसर चालू आहे. आपली वीज 50 हर्ट्झची असल्याने मोटारीतली चुंबकीय ओढ सेकंदाला 100 वेळा कमीजास्त होते. तिचा हा आवाज, काळजी नको.
- गुळगुळ : नळ्यांतून शीतद्रव्य वाहतं, उकळतं. हाही नेहमीचा आवाज.
- एखादं "टक्" : थर्मोस्टॅटने कॉम्प्रेसर चालू किंवा बंद केला.
- खडखड, घरघर : काहीतरी सैल आहे किंवा कशाला तरी टेकलं आहे.
- आतून खरखर : फ्रॉस्ट-फ्री फ्रीजमध्ये आत पंखा असतो, तो साचलेल्या बर्फाला घासत असू शकतो. बऱ्याच फ्रीजमध्ये दार उघडलं की हा पंखा थांबतो. दार उघडताच आवाज गेला तर संशय पंख्यावर.
- पुन्हापुन्हा "टक्", पण गुणगुण नाही : कॉम्प्रेसर सुरू व्हायचा प्रयत्न करतोय आणि होत नाही. व्होल्टेज कमी असेल किंवा रिले बिघडला असेल. इथे मात्र मेकॅनिकच हवा.

एका वेळी एकच बदल

हा या पाठाचा गाभा. चार गोष्टी एकदम हलवल्या आणि आवाज थांबला, तर कशामुळे थांबला ते कधीच कळत नाही. आम्ही या क्रमाने गेलो :

1. फ्रीजवरचे डबे, बरण्या खाली काढल्या. आवाज तसाच.
2. दारातल्या बाटल्या एकमेकींना लागत होत्या, त्या वेगळ्या केल्या. किणकिण थांबली, घरघर तशीच.
3. चौथीतल्या लेकीने फ्रीजच्या बाजूंवर तळहात दाबून पाहिला. उजवीकडे दाबल्यावर ती ओरडली, "आई, इथे हात ठेवला की आवाज बंद होतो!" म्हणजे कंप होता आणि तो हाताने अडत होता.
4. अर्धी भरलेली, घट्ट झाकणाची बाटली फ्रीजवर आडवी ठेवली. आतलं पाणी एका बाजूला झुकलं. पुढचा एक पाय जमिनीला टेकतच नव्हता! साफसफाईत फ्रीज सरकवला होता, तेव्हापासूनचं हे. पाय फिरवून खाली घेतला. हादरणं गेलं, थोडी घरघर उरली.
5. प्लग काढून फ्रीज पुढे ओढला. कॉम्प्रेसरवरचा पाण्याचा ट्रे तिरका होऊन नळीला टेकला होता. तो सरळ बसवला, पाच मिनिटं थांबून प्लग लावला. फक्त गुणगुण!

पाच मिनिटं का थांबायचं? बंद झाल्यावर नळ्यांतला दाब समान व्हायला वेळ लागतो. लगेच चालू केलं तर कॉम्प्रेसरवर ताण येतो. स्टॅबिलायझर वीज आल्यावर थोडा थांबून का चालू होतो, तेही इथेच मुलांना सांगता येईल.

सुरक्षेचे नियम

मागची बाजू मोठ्यांनीच पाहायची, तीही प्लग काढून. कॉम्प्रेसर तापलेला असतो, हात लावू नका. बर्फ सुरीने किंवा स्क्रू ड्रायव्हरने खरवडू नका. फ्रीजरच्या पत्र्यातली नळी फुटते आणि गॅस जातो. बऱ्याच नव्या फ्रीजमध्ये 'आर-600ए' म्हणजे आयसोब्यूटेन असतो, तो पेट घेणारा वायू आहे. बर्फ वितळवायचा तर फ्रीज बंद करून दार उघडं ठेवा. तोवर औषधं शेजाऱ्यांच्या फ्रीजमध्ये ठेवा, पण बर्फाच्या कप्प्यात नको. गोठलेलं इन्सुलिन वापरता येत नाही.

वर्गात कसं घ्याल?

वहीत चार रकाने आखून द्या : काय ऐकलं, काय बदललं, काय झालं, त्यावरून काय वाटतं. फ्रीज नसेल त्या घरी पंखा किंवा शिलाई मशीन चालेल. फक्त ऐकायचं आणि लिहायचं. बदल मोठ्यांनी करायचा. "काहीच फरक पडला नाही" हीसुद्धा नोंद लिहायला लावा. तीही माहितीच आहे, एक कारण कमी झालं.

कधीकधी कॉम्प्रेसर खरंच गेलेला असतो. तेव्हाही ही वही मेकॅनिकच्या उपयोगी पडते. आमच्या लेकीची वही आता फ्रीजवरच असते. तेवढी ती फ्रीजवर ठेवायची नाही, असं मी तिला सांगून पाहिलं. ती म्हणाली, "वाजत नाही, तपासलंय मी."

तुमच्या घरातल्या आवाजांची यादी मुलांकडून करून घ्या आणि नक्की कळवा.