कानाचे लग्न आणि आपला मांडव



उपवासकाळ संपून ईस्टर झाले की आपल्याकडे लग्नसराई सुरू होते. मांडव, आचारी, वाजंत्री, कपडे यांची बोलणी मात्र कितीतरी आधी झालेली असतात. ती करण्यापूर्वी एका प्रश्नावर विचार करू या. लग्नात आनंद करावा, पाहुण्यांना पोटभर जेवू घालावे हे योग्यच आहे. मग नासाडी नेमकी कोठे सुरू होते?

१. प्रभू येशू काय शिकवितो?

संत योहान आपल्या शुभवर्तमानात दोन जेवणांची हकीकत सांगतो. पहिले जेवण काना गावच्या लग्नाचे (अध्याय २). तेथे द्राक्षारस संपला. यजमानाची चारचौघांत मान खाली जाणार, हे पवित्र मरियेच्या लक्षात आले आणि तिने ते आपल्या पुत्राला सांगितले. प्रभूने सहा दगडी रांजणांतील पाण्याचा द्राक्षारस केला. आजच्या मापाने तो सुमारे ५०० ते ७०० लिटर होतो. म्हणजे लग्नघरी प्रभूने हात आखडता घेतला नाही.

दुसरे जेवण पाच हजारांचे (अध्याय ६). पाच भाकरी आणि दोन मासे यांवर सर्व तृप्त झाले. त्यानंतर प्रभूने शिष्यांना उरलेले तुकडे गोळा करायला लावले, काहीही वाया जाऊ नये म्हणून. बारा टोपल्या भरल्या. ज्याला भाकरी वाढविणे अवघड नव्हते, त्यानेच तुकडे वेचायला लावले!

ही दोन जेवणे एकत्र वाचली की उत्तर मिळते. पाहुण्याच्या मुखी लागते ती विपुलता. लोकांनी पाहावे म्हणून मांडले जाते आणि रात्री उकिरड्यावर जाते ती नासाडी. प्रभूला पहिली आवडते, दुसरी नाही.

२. लग्नाला आवश्यक काय?

ख्रिस्तसभेच्या कायद्यानुसार विवाह होतो तो वधूवरांच्या मोकळ्या संमतीने. ही संमती धर्मगुरू व दोन साक्षीदार यांच्यासमोर द्यायची असते. वरात, डीजे, फेटे, स्टेजवरचे सत्कार यांपैकी एकही गोष्ट नसली तरी संस्कार तसूभरही उणा होत नाही.

आपल्या महाराष्ट्राने हे फार पूर्वी पाहिले आहे. महात्मा जोतीराव फुले यांनी सप्टेंबर १८७३ मध्ये पुण्यात सत्यशोधक समाज स्थापन केला. त्याच वर्षी २५ डिसेंबरला, म्हणजे नाताळच्या दिवशी, पहिला सत्यशोधक विवाह अगदी थोडक्या खर्चात झाला. पुढे संत गाडगेबाबांनी गावोगावच्या कीर्तनांतून पुनःपुन्हा सांगितले : कर्ज काढू नका.

३. थाटाची किंमत कोण भरते?

सावकाराचे व्याज शेकडा तीन रुपये महिना धरले, तर एका लाखाला वर्षाचे ३६ हजार रुपये फक्त व्याज होते. मुद्दल तसेच उभे. मग बाप मुकादमाकडून उचल घेतो आणि दिवाळीच्या सुमारास बैलगाडी किंवा ट्रक ऊसतोडीला निघतो. पुष्कळदा नवे जोडपेही त्याच कोयत्यावर जाते. दोन तासांच्या थाटासाठी संसाराची पहिली वर्षे गहाण पडतात. मुलीच्या बापाला तर नाही म्हणायची सोयही नसते. म्हणून ‘साधे लग्न करू’ हा शब्द मुलाकडच्यांनी आधी काढला पाहिजे.

आता अन्नाचा हिशेब पाहा. ५०० पाहुण्यांनी ताटात फक्त १०० ग्रॅम टाकले, तरी ५० किलो अन्न फेकले जाते. त्यात शंभर माणसांचे जेवण होते. एक किलो तांदूळ पिकायला सुमारे २,५०० लिटर पाणी लागते. एप्रिल २०१६ मध्ये शेजारच्या लातूरला मिरजेहून रेल्वेने पाणी आणावे लागले, हे आपण मराठवाड्यातील माणसे कसे विसरणार? पोप फ्रान्सिस यांनी २०१५ च्या ‘लाउदातो सी’ या परिपत्रकात म्हटले आहे की, फेकलेले अन्न हे गरिबाच्या ताटातून चोरल्यासारखेच आहे.

४. आपण काय करू शकतो?

• आधी कर्जाशिवाय किती खर्च झेपेल ते ठरवा, मग पाहुण्यांची यादी करा. यादी आधी आणि पैसा नंतर, असे केले की कर्ज होतेच.

• पदार्थ मोजके ठेवा. सगळा स्वयंपाक एकदम न करता दोन घाण्यांत करा. उरलेला कोरडा शिधा घरात टिकतो. शिजलेला भात मे महिन्याच्या उन्हात आंबतो.

• उरलेले अन्न कोणाला द्यायचे ते आदल्या दिवशीच ठरवा. शिजलेले अन्न दोन तासांहून अधिक वेळ उघड्यावर राहू देऊ नये. दान म्हणून विटलेले देणे हे दान नव्हे.

• पंगतीत वाढप्यांना ‘थोडे वाढा, पुन्हा विचारा’ असे सांगा.

• थर्माकोलची ताटे महाराष्ट्रात २०१८ पासून बंद आहेत. स्टीलची ताटे भाड्याने घ्या किंवा पत्रावळी वापरा. पाण्याच्या बाटल्यांऐवजी जार आणि पेले ठेवा.

• टोपी-टॉवेल आणि न वापरले जाणारे कपडे यांचा आहेर दोन्हीकडच्यांनी बोलून बंद करावा.

• अक्षता म्हणून तांदूळ पायदळी जाऊ न देता फुलांच्या पाकळ्या वापरा.

कुटुंबात विचार करण्यासाठी

१. आपल्या घरच्या मागील लग्नातील कोणता खर्च पाहुण्यांसाठी होता आणि कोणता लोकांना दाखविण्यासाठी?

२. ते कर्ज फिटायला किती वर्षे लागली?

३. पुढच्या लग्नात ‘हे नको’ असे प्रथम कोण म्हणेल?

कानाच्या लग्नात काय कमी पडले हे पवित्र मरियेने ओळखले. आपल्या मांडवात काय जास्त झाले, हे ओळखण्याची बुद्धी प्रभू आपणांस देवो.