अध्यक्षांचा शब्द आणि सेनेटची संमती



आपल्या पिंपरी-चिंचवड व चाकणच्या पट्ट्यात मोटारींचे जे सुटे भाग घडतात, त्यांपैकी काही समुद्रापार अमेरिकेस जातात. इ. स. २०२५ मध्ये अमेरिकेचे अध्यक्ष ट्रम्प यांनी परदेशी मोटारगाड्यांवर ३ एप्रिलपासून आणि अनेक सुट्या भागांवर ३ मेपासून २५ टक्के जकात बसविली. एका गृहस्थाच्या स्वाक्षरीने इतके कसे घडू शकते, हा प्रश्न येथील कामगाराच्या मुलास पडणे साहजिक आहे. त्याचे उत्तर शोधू लागले असता अमेरिकेचे परराष्ट्रीय धोरण ठरवितो तरी कोण, याचा विचार करावा लागतो.

त्या देशाच्या १७८७ सालच्या राज्यघटनेने ही सत्ता जाणूनबुजून विभागली आहे. अध्यक्ष हा सेनेचा सर्वाधिपती होय; परराष्ट्रांशी बोलणी तोच करतो. परंतु त्याने केलेल्या तहास सेनेट या वरिष्ठ सभेतील उपस्थित सभासदांपैकी दोनतृतीयांशांची संमती लागते. युद्ध पुकारणे, खर्चास मंजुरी देणे व परदेशी व्यापाराचे नियमन करणे हे अधिकार काँग्रेसचे, म्हणजे तेथील विधिमंडळाचे आहेत.

या विभागणीचा परिणाम काय होतो, हे एका उदाहरणाने स्पष्ट होईल. ८ जानेवारी १९१८ रोजी अध्यक्ष वुड्रो विल्सन यांनी काँग्रेसपुढे आपली चौदा कलमे मांडली. वसाहतींचा निर्णय करताना तेथील रहिवाशांच्या हिताला समान महत्त्व द्यावे, असे पाचवे कलम होते. राष्ट्रांचा एक संघ स्थापावा, असे चौदावे. पुढे त्यांनी स्वयंनिर्णयाचा उच्चार केला, आणि पारतंत्र्यातील अनेक देशांत आशा पालवली. डिसेंबर १९१८ मध्ये दिल्ली येथे भरलेल्या राष्ट्रीय सभेने तह परिषदेसाठी लोकमान्य टिळकांना आपले एक प्रतिनिधी नेमले. लोकमान्य त्या वेळी चिरोल खटल्यानिमित्त इंग्लंडात होते. त्यांना पॅरिसला जाण्याचा परवाना मिळाला नाही. तेव्हा त्यांनी विल्सन यांना पत्र लिहून हिंदुस्थानची बाजू मांडली. या प्रश्नाचा यथाकाल विचार होईल, एवढेच सौम्य उत्तर चिटणीसामार्फत आले. परिषदेत हिंदुस्थानच्या नावे बसले ते मॉंटेग्यू, लॉर्ड सिंह व बिकानेरचे महाराज, म्हणजे सरकारने निवडलेली माणसे.

विल्सन यांचा शब्द मोठा होता. परंतु त्यामागे घरचे बळ किती होते? निवडणुकीत सेनेटमध्ये विरुद्ध पक्षाला बहुमत मिळालेले असूनही त्यांनी पॅरिसला जाताना सेनेटचा एकही सभासद सोबत नेला नाही. २८ जून १९१९ रोजी व्हर्सायचा तह झाला. सेनेटच्या परराष्ट्र समितीचे प्रमुख हेन्री कॅबट लॉज यांनी त्यास काही अटी जोडल्या. विल्सन यांनी तडजोड नाकारली आणि लोकमत वळविण्यासाठी देशभर दौरा काढला; त्यातच त्यांची प्रकृती ढासळली व ऑक्टोबरमध्ये त्यांना पक्षाघात झाला. १९ मार्च १९२० रोजी शेवटचे मतदान झाले. तहाच्या बाजूने ४९ व विरुद्ध ३५ मते पडली. दोनतृतीयांशांस सात मते उणी पडली. ज्या राष्ट्रसंघाची कल्पना अमेरिकेच्या अध्यक्षाने उचलून धरली, त्या राष्ट्रसंघात अमेरिका कधीच शिरली नाही. पुष्कळ मंत्री असले म्हणजे बेत सिद्धीस जातात, हा नीतिसूत्रांतील बोध येथे आठवतो.

आता कोणी म्हणेल, विल्सन यांना जे साधले नाही ते २०२५ मध्ये कसे साधले? याचे कारण असे की, जकात हा तह नव्हे. व्यापाराचा अधिकार काँग्रेसचा असला, तरी काँग्रेसनेच १९६२ साली एक कायदा करून, राष्ट्राच्या सुरक्षिततेस बाध येत असल्यास आयातीवर निर्बंध घालण्याची मुभा अध्यक्षास दिली. मोटारींवरील जकात त्याच कायद्यान्वये लागली. योगायोग असा की, आपल्या भागात औद्योगिक वसाहती उभारणारे महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळही १९६२ सालीच स्थापन झाले! तिकडे केलेला कायदा सहा दशकांनंतर इकडच्या यंत्रावर परिणाम करू शकतो, हे ध्यानात ठेवावे.

यावरून बोध हा की, एखाद्या नेत्याच्या भाषणाने हुरळून जाऊ नये आणि घाबरूनही जाऊ नये. तो कोणत्या अधिकाराने बोलत आहे, त्या अधिकारास कोणाची संमती लागते, आणि ती मिळण्याचा संभव किती, हे तीन प्रश्न आधी विचारावेत. लोकमान्यांनी एका पत्रावर भिस्त ठेवून कार्य थांबविले नाही. मायदेशी परतून ते पुन्हा लोकजागृतीस लागले. पालकांनीही वृत्तपत्र वाचताना मुलांना जवळ बसवून हे प्रश्न त्यांस विचारावेत. आणि विद्यार्थ्यांनी आपल्या भारतीय राज्यघटनेतील २५३ वे कलम काढून, परराष्ट्रांशी झालेले करार अमलात आणण्यासाठी आपल्या संसदेस कोणता अधिकार दिला आहे, ते स्वतः वाचून पाहावे. दुसऱ्याच्या घराची रचना समजली, म्हणजे आपले घर अधिक जाणतेपणाने सांभाळता येते.