शेंडेनक्षत्र : भयाचा प्रश्न आणि मापाचा प्रश्न

नांदेडहून अर्धापुरावरून येणारा रस्ता वारंगा फाट्यास पोहोंचला म्हणजे त्याचे दोन रस्ते होतात. एक आखाडा बाळापूर व कळमनुरीवरून हिंगोलीस जातो, दुसरा हदगांव व उमरखेडवरून यवतमाळाकडे जातो. ज्यास हिंगोलीस जावयाचें आहे तो येथें चुकला, तर पुढें जितका नेटानें चालेल तितका हिंगोलीपासून दूरच जाईल. ज्ञानाच्या वाटेवरहि असे फाटे लागतात. आजच्या पाठांत अशाच एका फाट्याविषयीं सांगण्याचें आम्हीं योजिलें आहे. तो म्हणजे शेंडेनक्षत्र, ज्यास शास्त्रांत धूमकेतु म्हणतात, त्याविषयींचा वाद.

इ. स. १९९७ च्या मार्च-एप्रिलांत हेल-बॉप नांवाचा मोठा धूमकेतु सायंकाळीं वायव्येच्या बाजूस नुसत्या डोळ्यांनीं दिसत असे. तो आपणांपैकीं पुष्कळांनीं पाहिला असेल. असें शेंडेनक्षत्र उगवलें कीं, “आतां कोणावर काय येणार?” हा प्रश्न सर्वांआधीं निघतो. मग कोणी ठरलेलें लग्न पुढें ढकलतो, कोणी शांतीसाठीं कर्ज काढतो, आणि घरांत मूल आजारी असलें तर त्याच्या आईच्या डोळ्यास डोळा लागत नाहीं. लोक उपदेशकास विचारावयास येतात. “भिऊं नका” इतकें म्हटल्यानें भीति जात नाहीं. कां भिऊं नये हें समजलें म्हणजे ती जाते.

ह्या प्रश्नानें मोठमोठ्या विद्वानांसहि चकविलें आहे. सहाव्या शतकांतील ज्योतिषी वराहमिहिर ह्यांनीं बृहत्संहितेंत केतूंविषयीं एक सबंध अध्याय लिहिला. केतु एकशें एक आहेत असें कित्येकांचें मत, हजार आहेत असें दुसऱ्यांचें, आणि एकच केतु नाना रूपें घेतो असें नारदाचें मत, हें सर्व ते नमूद करतात. त्यांचा उदय व अस्त गणितानें कळत नाहीं, हेंहि ते मोकळेपणानें सांगतात. तरी त्यांचीं फळें मात्र विस्तारानें देतात. यूरोपांत अॅरिस्टॉटलचें मत सुमारें दोन हजार वर्षें चाललें. पृथ्वींतून निघालेले कोरडे, उष्ण उत्सर्ग वर चढून चंद्राच्या खालींच पेट घेतात, तोच धूमकेतु, असें तें मत होतें.

आपल्या प्रॉटेस्टंट मंडळ्याहि ह्या बाबतींत निर्दोष नव्हत्या, हें आम्हीं लपवूं नये. इ. स. १५७७ सालीं एक मोठा धूमकेतु दिसला. पुढल्या वर्षीं आंद्रेआस सेलिखियस नांवाच्या लूथरपंथी धर्माधिकाऱ्यांनीं असें प्रतिपादिलें कीं, मनुष्यांच्या पापांचा दाट धूर वर चढतो व देवाच्या कोपानें पेटतो, तोच धूमकेतु होय. त्यावर आंद्रेआस डुडिथ नांवाच्या विद्वानांनीं उत्तर दिलें, त्याचा आशय असा कीं, असें असतें तर आकाश धूमकेतूवांचून एक दिवसहि रिकामें राहिलें नसतें. उत्तर थोडक्यांत होतें, परंतु विचार करणाऱ्यास पुरेसें होतें.

त्याच धूमकेतूच्या वेळीं कांहीं लोकांनीं दुसरी वाट धरली. हा काय सुचवितो, हें न विचारतां त्यांनीं विचारलें कीं, हा किती दूर आहे? तें मापावें कसें, हें फाट्यावर उभे राहूनच समजेल. जवळच्या एका निंबाच्या झाडाकडे पहा, आणि त्याच्या पाठीमागें दूरवर काय दिसतें तें लक्षांत ठेवा. मग पन्नास पावलें बाजूस सरून पुनः पहा. निंब आतां दुसऱ्याच वस्तूसमोर आलेला दिसेल. परंतु क्षितिजावरचें एखादें झाड असें सरकलेलें बहुधा जाणवणार नाहीं. जी वस्तु जवळ ती फार सरकते, जी दूर ती थोडी.

डेन्मार्कांतील ह्वेन बेटावर टायको ब्राहे, आणि तेथून सहाशें किलोमीटरांहून अधिक दूर प्राग शहरीं हागेसियस, असे दोघे १५७७ चा धूमकेतु पाहत होते. टायको ह्यांनीं दोन्ही वेध ताडून पाहिले. धूमकेतु चंद्राइतका जवळ असता तर ताऱ्यांमधील त्याची जागा दोन ठिकाणांहून निराळी दिसावयास पाहिजे होती. परंतु तसा फरक आढळेना. अर्थात् तो चंद्राच्या पलीकडे होता, आणि हवेंत पेटलेला धूर नव्हता. मिखाएल मेस्टलिन हे एका लहान गांवच्या मंडळीचे तरुण पाळक होते. तेहि ह्याच निर्णयास आले. पांच वर्षांपूर्वीं उगवलेल्या नव्या ताऱ्याची जागा ह्याच गृहस्थांनीं ताणलेल्या साध्या दोऱ्यानें ठरविली होती.

इ. स. १६१८ सालीं तीन धूमकेतु दिसले, आणि ह्या वादाचा धागा आपल्या किनाऱ्यास येऊन लागला. बोहेमियाचे जेझुइट पाद्री व्हेन्सेस्लाउस किर्विट्झर चीनला जातांना गोव्यांत उतरले होते. त्यांनीं तेथून धूमकेतूंचे वेध घेतले, आणि ते १६२० सालीं यूरोपांत छापून निघाले. त्याच सुमारास जहांगीर बादशहानेंहि आपल्या रोजनिशींत शेपटीच्या ताऱ्याची नोंद केली.

इकडे रोमांत मोठें भांडण जुंपलें. जेझुइट गणिती ओराझिओ ग्रासी ह्यांनीं म्हटलें, धूमकेतु चंद्राच्या पलीकडे आहे. गॅलिलिओ ह्यांनीं त्यांची थट्टा केली. धूमकेतु ही खरी वस्तुच नसून इंद्रधनुष्यासारखा प्रकाशाचा खेळ असूं शकेल, असें त्यांनीं सुचविलें. ते त्या दिवसांत आजारी असल्यामुळें त्यांस स्वतः वेध घेतां आले नव्हते. पृथ्वी सूर्याभोंवतीं फिरते ह्या मोठ्या गोष्टींत गॅलिलिओ बरोबर होते. परंतु येथें ते चुकले आणि त्यांचे प्रतिपक्षी बरोबर ठरले. मत कोणाचें आहे हें नव्हे, तर तें मापास उतरतें कीं नाहीं हें पाहावें, हा ह्या भांडणाचा धडा आहे. तो आपल्या पक्षाच्या माणसासहि लागू करावा.

पुढें १६८१ सालीं साक्सनींतील प्लाउएन गांवचे पाळक गेओर्ग डोर्फेल ह्यांनीं दाखविलें कीं, आदल्या वर्षींचा धूमकेतु सूर्याला वळसा घालून गेला. न्यूटन ह्यांनीं १६८७ सालीं त्या गतीचा नियम सिद्ध केला. त्या आधारें एडमंड हॅली ह्यांनीं १७०५ सालीं लिहिलें कीं, १५३१, १६०७ व १६८२ चे धूमकेतु तीन नसून एकच आहे, आणि तो १७५८ च्या सुमारास परत येईल. हॅली १७४२ सालीं वारले. १७५८ च्या २५ डिसेंबरच्या रात्रीं तो धूमकेतु खरोखर दिसला. आणि प्रथम कोणास? ड्रेस्डेनजवळच्या खेड्यांतील योहान पालिच नांवाच्या शेतकऱ्यास. जें गणितानें कळत नाहीं असें वराहमिहिर म्हणाले, तें आतां कळूं लागलें होतें.

हाच हॅलीचा धूमकेतु १९१० सालीं आला. त्या वर्षीं ६ मे रोजीं राजे सातवे एडवर्ड वारले, आणि पुष्कळांनीं दोहोंची सांगड घातली. परंतु तो त्या वर्षीं येणार हें गणितानें कितीएक वर्षें आधींच ठरलें होतें. राजे निरोगी असते तरी तो आलाच असता. इ. स. १९८६ च्या मार्चांत जोत्तो नांवाचें यान त्याच्या गाभ्यापासून सुमारें सहाशें किलोमीटरांवरून गेलें. बर्फ व धूळ ह्यांचा तो काळाकुट्ट गोळा सुमारें पंधरा किलोमीटर लांब आहे. सूर्याजवळ आला म्हणजे बर्फाची वाफ होते, धूळ उडते, आणि शेपूट सूर्याच्या उलट दिशेस पसरते.

तो पुनः २०६१ सालीं येईल. आज शाळेंत जाणारीं पुष्कळ मुलें तो पाहतील. त्यापूर्वीं दुसरे धूमकेतुहि दिसतील. उपदेशक बंधूंस आमची विनंति ही कीं, असा तारा उगवला म्हणजे मुलांस अंगणांत न्यावें, दोरा ताणून तो कोणत्या ताऱ्यांच्या रेषेंत आहे हें पाहावें, आणि रोजची जागा वहींत तारखेसह लिहून ठेवावी. त्या आजारी मुलाच्या आईसहि ती वही दाखवावी. आकाशांतील तो पाहुणा आपल्या वाटेनें रोज थोडा थोडा पुढें जात आहे, आणि त्याच्या वाटेवर तिचें घर नाहीं, हें तिला आपल्या डोळ्यांनीं दिसेल. मग शांतीसाठीं काढावयाचें कर्ज मुलाच्या औषधाकडे वळेल.

मंडळींत विचारावयाचे प्रश्न :
१. धूमकेतु चंद्राच्या पलीकडे आहे हें टायको ह्यांनीं कशावरून ठरविलें?
२. १९१० सालीं राजे वारले, त्याचें कारण धूमकेतु नव्हता असें आपण कशावरून म्हणतों?
३. गॅलिलिओ ह्यांच्या चुकीपासून आपण काय शिकावें?