देवांचा दिवस, आपले वर्ष

सज्जनहो, पुराणांनी जीवांची वर्गवारी काळाच्या मापानेही लावली आहे. आपला एक महिना ही पितरांची एक दिवसरात्र. आपले एक वर्ष ही देवांची. ब्रह्मदेवाचा तर नुसता दिवसच एक हजार चतुर्युगांचा, म्हणजे ४३२ कोटी वर्षांचा! पण स्वतःच्या मापाने शंभर वर्षे भरली की त्यालाही जावेच लागते.

आता आपले पाहू. ‘पुढल्या वर्षी वारीला जाऊ’ असे आपण सहज बोलून जातो. देवांच्या हिशेबी ती एका दिवसाची चालढकल. आपल्या आयुष्यातले मात्र अख्खे वर्ष गेले! पुढली आषाढी कोणी पाहिली आहे? म्हणून बाबांनो, पाय चालतात तोवर पंढरीची वाट धरावी आणि मुखी नाम असू द्यावे.