पंप लागला, म्हणजे काय झालं?

अगं, आधी डोळे पूस आणि दोन घोट चहा घे. काल रात्री फोनवर तू एकच गोष्ट तीनदा सांगितलीस, ‘ताई, बाबांना इन्सुलिनची ड्रिप लावली, आता काही खरं नाही.’ तुझ्या कामणच्या शेजारणीने काय सांगितलं तेही कळलं मला. एकदा इन्सुलिन लागलं की माणूस सुटत नाही म्हणे! अठरा वर्षं आयसीयूत काढली मी, सुटून घरी गेलेले किती दाखवू तिला?

तुझे सासरे चिखलात अनवाणी लावणी करत होते, पायाला काच लागली, आणि पाय बधिर म्हणून आठ दिवस त्यांना कळलंच नाही. वर शुगरच्या गोळ्याही ‘शेतीची कामं उरकली की घेऊ’ म्हणून डब्यातच. जंतू रक्तात भिनले ते तिथून. ओरडायची वेळ नाही ही, पण त्यांच्या पायाचे तळवे रोज बघायचं काम पुढे तुझ्या नवऱ्याकडे दे, हे आत्ताच सांगून ठेवते.

तू विचारलंस, दोन दिवस पोटात अन्न नाही, तरी साखर चारशेच्या वर कशी? फार शहाणा प्रश्न आहे हा. जंतुसंसर्गात शरीर घाबरतं, संकटाची संप्रेरकं सोडतं, आणि यकृत आपणहून साखर तयार करून रक्तात ओतत राहतं. त्यात इन्सुलिनला दादही देत नाही. गोळ्या अशा वेळी उपयोगाच्या नसतात, आणि कातडीखाली दिलेलं इंजेक्शन तरी किती शोषलं जाईल याचा नेम नाही, कारण बीपी पडलेलं असलं की कातडीकडे रक्तच नीट पोचत नाही. म्हणून थेट शिरेतून. शिरेतलं इन्सुलिन काही मिनिटांत ओसरतं. वाढवलं की लगेच लागू, थांबवलं की लगेच उतार. या घडीला डॉक्टरांना तेच हवं असतं.

पलंगाशेजारी ती सिरिंज आडवी धरलेली पेटी दिसते ना, तो सिरिंज पंप. बहुतेक ठिकाणी 50 मिली सलाइनमध्ये 50 युनिट साधं इन्सुलिन घालतात, म्हणजे एका मिलीत एक युनिट, हिशेब सरळ. पंपावर 3 दिसलं तर तासाला 3 युनिट. इन्सुलिन प्लास्टिकच्या नळीला चिकटतं, म्हणून आम्ही आधी त्यातलंच थोडं नळीतून सोडून फेकून देतो. तुझ्या दिराला वाटलं, सिस्टर महागाचं औषध वाया घालवते! सांग त्याला.

आणि दर तासाला बोट टोचतात म्हणून तुला राग आला. अगं, टोचू दे. त्या एचजीटीवरच, म्हणजे बोटाच्या रक्तातल्या साखरेवरच, पंपाचा आकडा ठरतो. तो तास चुकला तर पंप आंधळा.

हे मी का म्हणते, ऐक. मी नवीन होते तेव्हा आयसीयूत साखर 110 च्या आत ठेवायचं वेड होतं. 2001 साली बेल्जियममधल्या ल्यूव्हेनच्या अभ्यासात तशी घट्ट साखर ठेवल्यावर ऑपरेशननंतरचे रुग्ण जास्त वाचलेले दिसले होते, म्हणून सगळीकडे तेच सुरू झालं. मग 2009 मध्ये सहा हजारांवर रुग्णांचा ‘नाइस-शुगर’ अभ्यास आला, आणि उलटंच निघालं. घट्ट बांधलेल्यांत मृत्यू जास्त, आणि साखर धोकादायक खाली गेलेले शंभरात जवळपास सात. सैल ठेवलेल्यांत शंभरात एकही नाही, अर्धाच. तेव्हापासून बहुतेक ठिकाणी 140 ते 180 हेच लक्ष्य. तेव्हा ग्लुकोमीटरवर 165 दिसलं की ‘अजून नॉर्मल का नाही’ म्हणून डॉक्टरांच्या मागे लागू नकोस. ते मुद्दाम ठेवलेलं आहे.

एकदा माझ्याच ड्यूटीवर घडलं. एका आजोबांना स्कॅनला न्यायचं म्हणून नाकातल्या नळीचं फीड थांबवलं, पंप मात्र तसाच चालू राहिला. परत आले तेव्हा एचजीटी 48, कपाळ घामाने थबथबलेलं. डेक्स्ट्रोज दिलं, सावरले. मी स्टोअररूममध्ये जाऊन रडले. त्या दिवसापासून फीड थांबलं की माझा हात आधी पंपाकडे जातो. म्हणून तुला सांगते, बाबांना कुठे हलवताना दिसलं तर सिस्टरना नम्रपणे विचार, ‘फीड बंद आहे, इन्सुलिनचं काय?’ कोणी रागावलं तर रागावू दे.

पोटॅशियमसाठी रक्त पुन्हा पुन्हा काढतील, तेही काढू दे. इन्सुलिन साखरेबरोबर पोटॅशियमही पेशींत ढकलतं, ते फार उतरलं तर हृदयाचे ठोके बिघडतात. आणि सासूबाईंना प्रेमाने सांग, पदराआडून शहाळ्याचं पाणी पाजायचं नाही. शुद्ध अर्धवट असताना ते फुप्फुसातही जाऊ शकतं.

सुधारले, तोंडाने खाऊ लागले की पंप काढतील. त्याआधी तास-दोन तास कातडीखालचं इंजेक्शन सुरू व्हायला हवं, नाहीतर साखर पुन्हा उसळते. घरी जाताना इन्सुलिन दिलं तर ती सवय लागली असं नव्हे. जखम भरून आली की पुष्कळांचं बंदही होतं.

पण बाटली आणि सिरिंज मात्र जुळवून घे. 40 च्या बाटलीला लाल टोपीची सिरिंज, 100 च्या बाटलीला केशरी. 100 च्या बाटलीतून लाल सिरिंजने दहाच्या खुणेपर्यंत भरलंस तर आत पंचवीस युनिट जातात. मेडिकलवाला घाईत असला तरी तू घाई करू नकोस.

उद्या येताना बाबांच्या घरातल्या सगळ्या गोळ्या, जुने कागद, सगळं एका पिशवीत घालून आण. कामणहून गाड्या मोजक्याच, आणि चिंचोटी नाक्यावर ट्रकांची रांग लागते, सकाळी लवकर निघ. डॉक्टरांच्या राउंडच्या आधी मी तिथे पोचते.